वैद्याचा फावला वेळ

मनुष्याच्या कामाच्या वेळावर धन्याचा, गिऱ्हाइकाचा किंवा अशिलाचा हक्क असतो, याविषयी फारसा वाद नाही. वाद आहे तो फावल्या वेळाविषयी. कारकुनाने सायंकाळी दप्तर मिटले की तो मोकळा झाला. पुढे त्याने बुद्धिबळे मांडली काय किंवा भजनास बसला काय, त्यास जाब विचारावयास कोणी येत नाही. वैद्याची गोष्ट निराळी आहे. त्याने दवाखान्याचे दार लावले म्हणून रोग आपले दार लावून घेत नाही. गावात कोणी तरी तापाने फणफणत असता वैद्यबुवा झाडाच्या सालीवरचा एक करडा थर भिंगाखाली धरून बसले, तर तो तास त्यांनी कोणाच्या खात्यातून काढला? स्वतःच्या, की रोग्याच्या? आणि तो थर अगदीच निरुपयोगी असला, तर त्या तासाचा हिशेब कोणत्या सदरात मांडावयाचा? या प्रश्नाचा प्रस्तुत लेखात थोडा विचार करावयाचा आहे.

थराचे उदाहरण आम्ही उगाच घेतलेले नाही. ठाण्याच्या जांभळी नाक्यावर गोड्या मसाल्याचे सामान घ्यावयास गेले असता धणे, जिरे, तीळ, खोबरे यांच्याबरोबर काळ्या-करड्या, चुरगळलेल्या कागदासारख्या पापड्यांची एक पुडी वाणी बांधून देतो. हेच दगडफूल. तेलात परतल्यावाचून त्याचा वास सुटत नाही, हे घरातील गृहिणींस ठाऊक असते. पण ते आहे काय, हे विचारल्यास बहुतेक सुशिक्षित मंडळीही गप्प बसतील. संस्कृतात त्यास शैलेय म्हणतात. ते फूल नव्हे, आणि दगडाशी त्याचे नाते केवळ भाडेकरूचे. शास्त्रज्ञ ज्यांस शैवाक म्हणतात त्या वर्गात ते मोडते. आणि शैवाक म्हणजे एक बुरशी व तिच्या धाग्यांच्या जाळ्यात राहणारे सूक्ष्म शैवल, अशा दोघांचा संसार होय. शैवलाने सूर्यप्रकाशावर अन्न शिजवावे, बुरशीने त्यास आसरा व ओलावा द्यावा आणि त्याच्या अन्नावर जगावे, अशी ही व्यवस्था आहे. या संसारास मूळ, खोड, पान यांपैकी काहीच नाही. जे घ्यावयाचे ते पावसातून आणि हवेतून. आणि वाढ इतकी मंद की पुष्कळ जातींची वर्षभराची मजल काही मिलिमीटरांपुढे जात नाही. असल्या जीवाचा अभ्यास ज्यास करावयाचा आहे त्याच्यापाशी एक चांगले भिंग आणि पुष्कळशी सवड असावी लागते.

सवडीचा दुष्काळ वैद्याच्या धंद्याइतका दुसऱ्या कोणत्याही धंद्यात नसेल. तरीही शैवाकांच्या अभ्यासाचा इतिहास चाळू लागले की वैद्यांची नावे जागोजाग आढळतात. या शास्त्राचा जनक म्हणून ज्याचे नाव घेतात तो एरिक अखारियस (१७५७–१८१९) हा लिनिअसचा शिष्य, स्वीडनमधील वाडस्टेना गावचा वैद्य होता. त्याचा शैवाकांवरील मोठा ग्रंथ १८१० साली निघाला. जर्मनीच्या दक्षिण सीमेवर, सरोवराच्या काठी वसलेल्या कॉन्स्टन्स नगरात एर्न्स्ट श्टिट्सेनबर्गर (१८२७–१८९५) नावाचा एक वैद्य होऊन गेला. रोगी तपासणे हा त्याचा धंदा. परंतु स्वित्झर्लंडच्या आणि पुढे आफ्रिकेच्या शैवाकांची त्याने तयार केलेली जंत्री हीच त्याची कीर्ती होऊन राहिली. वाडस्टेना आणि कॉन्स्टन्स येथे ज्यांच्या नाडीवर या दोघांनी बोट ठेवले त्यांची नावे आज कोणास ठाऊक नाहीत. नावे राहिली ती सालींवरील थरांची.

तिसरा आंटोन डे बारी (१८३१–१८८८). हा फ्रांकफुर्टचा, वैद्याचाच मुलगा. १८५३ साली बर्लिन येथे त्याने वैद्यकाची पदवी घेतली, आपल्या गावी थोडा काळ धंदाही केला, आणि मग तो कायमचा सोडून तो वनस्पतिशास्त्राकडे वळला. शेवटी स्ट्रासबुर्ग विद्यापीठात अध्यापक झाला. शैवाक हा दोघांचा संसार आहे, हे १८६० नंतरच्या दशकात सिमोन श्वेंडेनर या स्विस पंडिताने जेव्हा ठामपणे मांडले, तेव्हा त्याने बुरशीस धनी आणि शैवलास तिचे गुलाम ठरविले. जुने शैवाकपंडित खवळले. आपण आयुष्यभर ज्यास एक जीव म्हणून नाव दिले तो दोन निघावा, हे त्यांस रुचेना. डे बारीने १८७८ साली कासेल येथे, निसर्गशास्त्रज्ञ आणि वैद्य यांच्या एकत्र सभेत व्याख्यान देऊन, विजातीय जीवांच्या अशा एकत्र राहण्यास एक सामान्य नाव रूढ केले. त्यासच आपण आज सहजीवन म्हणतो. या नावात त्याने गोडवा घातला नव्हता, हे ध्यानात ठेवले पाहिजे. एकमेकांस पोसणे आणि एकाने दुसऱ्यास खाणे, हे दोन्ही प्रकार त्याच्या व्याख्येत बसत होते.

आता इकडे वळू. औषधे वनस्पतींपासून होत असल्यामुळे वनस्पतिशास्त्र हा वैद्यकाच्या शिक्षणाचा भाग असे, आणि मुंबईच्या ग्रँट वैद्यकीय महाविद्यालयातही तीच प्रथा होती. तेथे वनस्पतिशास्त्र शिकविणारे डॉक्टर सखाराम अर्जुन (१८३९–१८८५) हे आमच्या मते त्या परदेशी वैद्यांचे येथील सर्वांत जवळचे भाऊबंद होत. दगडफुलावर त्यांनी ग्रंथ लिहिला असे नव्हे. पण मुंबईच्या बाजारात कोणती वनौषधी कोणत्या नावाने विकली जाते, ताज्या स्थितीत कोणत्या वनस्पती वापरतात, याची सविस्तर यादी त्यांनी केली आणि ती १८७९ साली इंग्रजीत छापून निघाली. वैद्यकावर त्यांनी मराठीतही लिहिले. १५ सप्टेंबर १८८३ रोजी भायखळ्याच्या वस्तुसंग्रहालयात आठ गृहस्थ जमले आणि त्यांनी निसर्गेतिहासाच्या अभ्यासासाठी एक संस्था काढली. तीच आजची बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी. त्या आठांत एतद्देशीय दोनच होते आणि दोघेही डॉक्टर होते: एक सखाराम अर्जुन, दुसरे प्रार्थनासमाजाचे संस्थापक आत्माराम पांडुरंग. ज्या इमारतीत ही सभा भरली ती आज डॉक्टर भाऊ दाजी लाड यांच्या नावाने ओळखली जाते. आणि भाऊ दाजी म्हणजे रोगी तपासून उरलेल्या वेळात शिलालेख वाचणारे वैद्य!

येथवर गोष्ट मोठी गोड वाटते. पण १८८३ या सालास दुसरी एक बाजू आहे, आणि ती सांगितल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. त्याच वर्षी एप्रिल महिन्यात कल्याणास जन्मलेली अठरा वर्षांची एक विवाहित मुलगी कलकत्त्याहून आगबोटीने अमेरिकेस निघाली. आनंदीबाई जोशी यांची हकीकत मराठी वाचकांस नव्याने सांगावयास नको. वयाच्या चौदाव्या वर्षी झालेले मूल योग्य उपचारांवाचून दहा दिवसांत गेले; स्त्रियांस तपासावयास स्त्री-डॉक्टर नाही, आणि पुरुष-डॉक्टरपुढे त्या जात नाहीत, हे त्यांनी पाहिले; आणि ती उणीव स्वतः भरून काढण्याचा निश्चय केला. १८८६ च्या मार्चमध्ये फिलाडेल्फियास त्यांस पदवी मिळाली. १८८७ च्या फेब्रुवारीत पुण्यास, बावीस वर्षेही पुरी न होता, त्यांचा अंत झाला. कोल्हापूरच्या रुग्णालयातील जागा त्यांची वाट पाहत राहिली.

या दोन गोष्टी शेजारी ठेवल्या की आक्षेपकाचे म्हणणे आपोआप उभे राहते. ज्या देशात एका मुलीस वैद्यक शिकण्यासाठी प्राणांचे मोल द्यावे लागते, त्या देशातील तयार डॉक्टरांनी पक्षी, पाने आणि किडे यांची मोजदाद करीत बसावे काय? एकेका डॉक्टरामागे रोग्यांची रांग लागली असता, डॉक्टराचा प्रत्येक तास ही सार्वजनिक ठेव नव्हे काय? हा आक्षेप खोडसाळ नाही. तो करुणेतून निघालेला आहे, आणि करुणेतून निघालेल्या आक्षेपास केवळ विद्येचे नाव सांगून गप्प करता येत नाही.

त्यास सामान्यतः पहिले उत्तर देतात ते असे: आज निरुपयोगी दिसणारे ज्ञान उद्या उपयोगी पडते. उदाहरणांस तोटा नाही. १८४५ नंतर आयर्लंडात बटाट्याचे पीक कुजले आणि दुष्काळाने सुमारे दहा लक्ष माणसे मेली. ती कीड एका सूक्ष्म, बुरशीसारख्या जीवामुळे पडते आणि तो जीव कसा पसरतो, हे निर्णायकपणे दाखविणाऱ्यांत वैद्यकी सोडलेला डे बारी प्रमुख होता. फ्रांकफुर्टात राहून त्याने किती रोगी बरे केले असते याचा अंदाज कोणीही करावा. खुद्द शैवाकांचीही अशीच गोष्ट आहे. मूळ नसल्यामुळे ती जे घेतात ते हवेतून घेतात, म्हणून हवा बिघडली की पुष्कळ जाती मनुष्याच्या आधी मरतात. १८६६ साली विल्यम न्यूलांदर या फिनिश पंडिताने पॅरिसमधील लक्झेंबर्ग उद्यानातील शैवाके पाहून ती हवेच्या शुद्धतेची साक्ष देतात असे सुचविले. आज ते सर्वमान्य शास्त्र झाले आहे. येऊरच्या जंगलातील एखादी साल आणि रासायनिक कारखान्यांशेजारच्या डोंबिवलीतील रस्त्याकडेची साल शेजारी ठेवून पाहणाऱ्यास अखारियसच्या निरुद्योगी भासणाऱ्या तासांचे आज काय व्याज मिळत आहे हे समजून येईल.

उत्तर चांगले आहे; पण त्यावर आमचे समाधान होत नाही. पुढे उपयोग होईल हे अखारियसला ठाऊक नव्हते. मागाहून लागलेल्या लॉटरीवरून तिकीट काढणाराचे शहाणपण सिद्ध होत नाही. शिवाय ज्यांची नावे पुस्तकांत नोंदली गेली आणि ज्यांचा आजवर काडीचाही उपयोग झाला नाही अशा जाती हजारोंनी मोजाव्या लागतील. त्यांवर खर्ची पडलेले तास वाया गेले असे मग म्हणावे लागेल. उपयोगाच्या नावाने विद्येचे वकीलपत्र घेतले, म्हणजे न्यायाधीशाच्या आसनावर उपयोगालाच बसविल्यासारखे होते. आणि तो न्यायाधीश आज आपल्या बाजूने निकाल देतो म्हणून उद्याही देईल याचा भरवसा काय?

दुसरे उत्तर विश्रांतीचे. डॉक्टरही माणूस आहे, त्यास मन रमवावयास काही तरी हवे, ही गोष्ट खरी. पण मन रमविण्यास पत्तेही पुरतात. सखाराम अर्जुनांची यादी आणि पत्त्यांचा डाव यांत काही भेद आहे, अशी जी आपली सर्वांची आतून खात्री असते, तिचा उलगडा या उत्तराने होत नाही.

आमच्या मते तो भेद पाहण्याच्या जातीत आहे. रोगी वैद्यापुढे येतो तो बोलत येतो. तो विव्हळतो, विनवितो, फी देतो, बरा झाला तर उपकार मानतो. आणि या सर्वांमुळे वैद्याच्या डोळ्यांवर नकळत एक पडदा येतो. फी देणाऱ्याचा रोग लवकर दिसतो, गरिबाचा उशिरा. जो रोग आपल्याला बरा करता येतो तोच समोरच्या माणसास झाला आहे असे वाटू लागते. सालीवरचा थर यांपैकी काही करीत नाही. तो फी देत नाही, आभार मानीत नाही, आणि आपल्याला काय हवे आहे याची तिळमात्र पर्वा करीत नाही. त्याच्यापुढे बसलेल्या माणसास एकच काम उरते: जे आहे ते आहे तसे पाहणे, आणि आपला तर्क चुकला असल्यास तो सोडून देणे. श्वेंडेनरच्या काळी ज्या पंडितांस एका जीवाचे दोन झालेले पाहवेनात, त्यांचे अपयश बुद्धीचे नव्हते. नावावरचे प्रेम सुटले नाही, हे त्यांचे अपयश. मोबदल्याची आशा नसलेल्या वस्तूकडे नीट पाहण्याची सवय हा एक नैतिक गुण आहे, आणि ज्यास तो अंगी बाणवावयाचा आहे त्याने मोबदला न देणाऱ्या वस्तूंच्या सहवासात काही काळ घालविला पाहिजे. दवाखान्यात तो गुण लागतो. पण केवळ दवाखान्यात तो शिकता येईलच असे नाही.

सखाराम अर्जुनांच्या चरित्रातील एक गोष्ट या संदर्भात आठवते. त्यांची पत्नी जयंतीबाई ही पूर्वी विधवा झालेली होती आणि तिची पहिल्या पतीपासूनची मुलगी रखमाबाई यांच्या घरी वाढली. बालपणी लागलेल्या लग्नाचा नवरा नांदावयास बोलावू लागला तेव्हा रखमाबाईंनी नकार दिला. १८८४ साली नवऱ्याने फिर्याद लावली आणि सारा मराठी समाज दोन तट पडून भांडू लागला. सावत्र बाप मुलीच्या बाजूने उभा राहिला. पहिला निकाल १८८५ च्या सप्टेंबरात तिच्या बाजूने लागला, तो ऐकावयास ते हयात नव्हते. पुढे वरिष्ठ न्यायासनाने तो फिरविला, १८८८ मध्ये तडजोड झाली, रखमाबाई विलायतेस जाऊन १८९४ साली डॉक्टर झाल्या, आणि सुरत व राजकोट येथे त्यांनी दीर्घकाल स्त्रियांची सेवा केली. वनस्पतिशास्त्रामुळे सखाराम अर्जुनांस हे धैर्य आले असे म्हणणे पोकळ ठरेल. तसा पुरावा नाही. एवढे मात्र म्हणता येईल की, जो तास त्यांनी बाजारातील मुळ्यांपानांस दिला, त्याने त्यांचे माणसांकडील लक्ष कमी झाले नव्हते. आनंदीबाईंस ज्या उणिवेने घराबाहेर काढले, ती भरून काढणाऱ्या पहिल्या स्त्रियांपैकी एक याच छंदिष्ट वैद्याच्या घरातून निघाली, हे आक्षेपकाने विसरू नये.

याचा अर्थ छंदास मोकळे रान द्यावे असा मुळीच नाही. दारात रोगी उभा असता जो वैद्य भिंगातून डोळा काढीत नाही तो अपराधी होय. त्याच्या विद्येची कोणतीही थोरवी त्यास त्या अपराधातून सोडवू शकणार नाही. डे बारीने धंदा सोडला तो उघडपणे सोडला. रोग्यांस ताटकळत ठेवून नव्हे. ज्यास दोन्ही सांभाळावयाचे आहे त्याने अग्रहक्क कोणाचा हे मनाशी पक्के ठरविले पाहिजे: हाक प्रथम, शोध नंतर. पण ‘नंतर’ म्हणजे ‘कधीच नाही’ असा अर्थ करण्याचाही कोणास अधिकार नाही. धंदा आणि विद्या यांचे एकत्र राहणे हे डे बारीच्या व्याख्येतील सहजीवनासारखेच आहे. त्यात एकाने दुसऱ्यास पोसावे हे शक्य आहे, आणि एकाने दुसऱ्यास खाऊन टाकावे हेही शक्य आहे. छंदाने कर्तव्य खाल्ले तर आपण लगेच ओरड करतो. कर्तव्याने, किंवा कर्तव्याचे नाव घेणाऱ्या अर्थार्जनाने, माणसाचे सारे कुतूहल खाऊन टाकले, तर मात्र त्यास आपण यशस्वी म्हणून हार घालतो.

आणि हा प्रश्न केवळ वैद्यांचा राहिलेला नाही. ठाणे, कल्याण, डोंबिवली येथील आमच्यासारख्या मध्यमवर्गीय घरांत मुलगा किंवा मुलगी नववीत गेली की वैद्यकाच्या किंवा अभियांत्रिकीच्या प्रवेशपरीक्षेचा विचार घरात मुक्कामास येतो. पहाटेची शिकवणी, दिवसा महाविद्यालय, सायंकाळी पुन्हा शिकवणी, रविवारी सराव परीक्षा. अशा मुलाने पावसाळ्यात भिंतीवर उगवलेल्या हिरव्या-करड्या डागाकडे बोट दाखवून हे काय असे विचारले, तर त्यास मिळणारे उत्तर ठरलेले आहे: हे परीक्षेला आहे का? आम्ही अध्यापनाच्या व्यवसायात असल्यामुळे या प्रश्नाची कूस आम्हांस चांगली ठाऊक आहे. विचारणाऱ्या आईबापांचा त्यात दुष्टपणा नाही. घराचे हप्ते, जागांची टंचाई आणि मुलाच्या भवितव्याची काळजी त्यांच्या तोंडून बोलते. पण अशा रीतीने दहा वर्षे ज्याने केवळ गुण देणाऱ्या वस्तूंकडेच पाहिले, तो डॉक्टर झाल्यावर ज्या रोग्यापासून काही मिळावयाचे नाही त्याच्याकडे पाहील, अशी आशा कोणत्या आधारावर करावयाची? त्यास तसे पाहावयास आपण कधी शिकविलेच नाही.

म्हणून फावला वेळ कोणाचा, या प्रश्नास आमचे उत्तर असे आहे: तो ठेव आहे हे खरे, रोग्याची ठेव आहे हेही खरे, पण ठेव राखण्याचा मार्ग ती रोजच्या रोज खर्चून टाकणे हा नव्हे. वैद्याने आपले डोळे रोग्यासाठी राखावयाचे असतात, आणि डोळे राखले जातात ते जेथे काही मिळावयाचे नाही तेथे पाहिल्याने. ज्या घरास आपले मूल चांगला डॉक्टर व्हावे असे वाटत असेल, त्याने त्याच्या पुस्तकांच्या रांगेत दहा रुपयांचे का होईना, एक भिंग ठेवावे, आणि आठवड्यातील एक तास असा राखावा की ज्याविषयी त्यास कोणी जाब विचारणार नाही.